हसणारा बाहुला कोणाला हसतो?

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीत लिंडसे अँडरसन यांचा ‘ओ ड्रीमलँड’ हा जुना कृष्णधवल लघुपट दाखवला. त्यात निवेदन नाही, गोष्ट नाही. करमणूक उद्यानात हिंडणारी माणसे तेवढी दिसतात. दिग्दर्शक या साध्या माणसांची टिंगल करतो आहे, असे मला सतत वाटत राहिले. माझे काही चुकते आहे का?
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : आपली शंका अनाठायी नाही, हा आक्षेप या लघुपटावर पूर्वीपासून घेतला जातो. इंग्लंडच्या किनाऱ्यावरील मार्गेट येथे मूकबधिर मुलांच्या शाळेवर माहितीपट करत असताना, १९५३ मध्ये, अँडरसन यांनी (त्यांचा जन्म आपल्याकडे बंगळूरचा) जॉन फ्लेचर यांच्या कॅमेऱ्याने तिथल्या ‘ड्रीमलँड’ उद्यानात हे सुमारे १२ मिनिटांचे चित्रण १६ मिलिमीटर फिल्मवर केले. पुढे फेब्रुवारी १९५६ मध्ये लंडनच्या नॅशनल फिल्म थिएटरमधील ‘फ्री सिनेमा’ या, अँडरसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या माहितीपट चळवळीच्या पहिल्या कार्यक्रमात ते दाखवले गेले.

टिंगलीचा भास होतो तो मुख्यतः आवाजामुळे. चित्र आणि ध्वनी एकाच वेळी मुद्रित झालेले नसल्याने कोणता आवाज कोणत्या दृश्यावर ठेवायचा, हे दिग्दर्शकाच्या हाती होते. गदागदा हलत खिदळणारा तो यांत्रिक बाहुला आठवा : त्याचे हसू त्याच्यापाशी थांबत नाही, ते भलत्याच दृश्यांवरही येऊन आदळते आणि समोरच्या माणसांनाच कोणी हसते आहे असे वाटू लागते. छळाच्या आणि देहदंडाच्या पुतळ्यांचे दालन तर अंगावर येते. अणुहेरगिरीच्या आरोपाखाली अमेरिकेतील रोझेनबर्ग दांपत्याला जून १९५३ मध्ये विजेच्या खुर्चीत देहान्त शिक्षा झाली, आणि तोच प्रसंग इथे लागलीच तिकीट लावून मांडलेला आहे. ध्वनिमुद्रित आवाज त्याचे वर्णन करतो आणि आईबापांसोबत आलेली मुले ते पाहत उभी राहतात.

माझ्या मते दिग्दर्शकाचा राग आहे तो असा माल विकणाऱ्यांवर. मात्र त्या रागाचे शिंतोडे गिऱ्हाइकांवरही उडतात, आणि काही चेहऱ्यांवर कॅमेरा जरा निष्ठुरपणेच रेंगाळतो, एवढे आपले म्हणणे मान्य करावेच लागेल. पुन्हा पाहण्याचा योग आला, तर एकदा आवाज पूर्ण बंद करून पाहा. बाहुला तसाच हलत राहील. पण काचेपलीकडे डोकावणाऱ्या त्या चेहऱ्यांवर थकवा आणि कंटाळाच अधिक दिसेल.