साडेतीन वर्षांच्या मुलीला आठ दिवस खोकला आहे, रात्री धाप लागल्यासारखी वाटते. घरगुती उपाय काय करावा?

ताई, तुमच्या सासूबाई ओव्याची पुरचुंडी आणि आडुळशाचा रस सांगतायत, ते कळलं. पण ‘रात्री धाप लागल्यासारखी वाटते’ हे तुम्ही जाता जाता लिहिलंय आणि मला काळजी त्याचीच वाटते. आधी तेवढं बघा.

आज ती झोपली की झबलं वर करा, घड्याळ समोर ठेवा आणि पोट किती वेळा वर येतं ते मोजा. पूर्ण एक मिनिट मोजायचं. पंधरा सेकंद मोजून चारने गुणू नका, लहान मुलांचा श्वास एका लयीत चालत नाही. एक ते पाच वर्षांच्या मुलांत ४० किंवा त्याहून जास्त आकडा आला, तर तो जलद श्वास. श्वास घेताना बरगड्यांखाली खड्डा पडत असेल, ओठ निळसर दिसत असतील किंवा ती पाणीही पीत नसेल, तर सकाळची वाट बघू नका, तशाच निघा. गडचिरोलीत डॉ. अभय आणि राणी बंग यांनी गावातल्या माणसांना असाच श्वास मोजायला शिकवून न्यूमोनिया ओळखायला लावला. ज्यांना मोजदाद जमत नाही त्यांच्यासाठी मण्यांचं साधन केलं. म्हणजे हे तुम्हालाही नक्की जमेल.

माझ्या मुलाच्या वेळी आम्ही चार दिवस काढे देत बसलो. पाचव्या रात्री आई म्हणाली, “अगं, याचं पोट उडतंय.” मोजलं तर ५२. रिक्षा मिळेपर्यंतची ती वीस मिनिटं मी विसरलेले नाही. निघाला बालदमा. ‘पंपाची (तोंडाने ओढायच्या औषधाची, म्हणजे इनहेलरची) सवय लागते’ म्हणून आम्ही आणखी महिनाभर टाळाटाळ केली, ती करायला नको होती. सवय वगैरे काही लागत नाही. औषध थेट श्वासनलिकेत जातं, म्हणून थोड्या मात्रेत काम होतं.

आता उपायांचं. झोपताना अर्धा-एक चमचा मध जरूर द्या, खवखव खरंच कमी होते. (वर्षाच्या आतल्या बाळाला मात्र मध अजिबात नाही.) कोमट पाणी, पातळ वरण घोटघोट देत राहा. पुरचुंडी आधी स्वतःच्या गालाला लावून बघा आणि त्यात कापूर घालू नका, पोटात गेला तर मुलांना झटके येतात. आडुळशाच्या घरच्या रसाला मापच नसतं, म्हणून इतक्या लहान पोरीला मी देणार नाही. उकळत्या पातेल्यावर वाफ देणं तर नकोच, भाजलेली मुलं मी पाहिली आहेत. आणि दुकानातून आपल्या मनाने कफ सिरप आणू नका. २०२५ मध्ये छिंदवाड्यात दूषित सिरपने लेकरं गेली.

आकडा ४०च्या आत आला तरी उद्या बालरोगतज्ज्ञांना दाखवाच. झोपेत पोट हलतानाचा अर्ध्या मिनिटाचा व्हिडिओ काढून न्या. खोकला पहाटे वाढतो का, छातीत शिट्टीसारखा आवाज येतो का, घरात कुणाला दमा आहे का, हेही आठवणीने सांगा. आमच्या डॉक्टरांनी पहिल्यांदा हेच विचारलं होतं.