इंजिन चाचणी केंद्र येणार असेल तर आधी विहिरी मोजून ठेवा

दादा, तुमच्या शिवाराला लागून लढाऊ विमानांच्या इंजिनांचं चाचणी केंद्र येणार अशी चर्चा आहे आणि पर्यावरण अहवालात काय बघायचं, असं तुम्ही विचारलंय. मराठवाड्यात विहिरी मोजण्यात माझी वीस वर्षं गेली, म्हणून पाण्यापासूनच सुरू करतो.

इंजिनाचा तापलेला झोत थंड करायला जुन्या केंद्रांत पाण्याचे फवारे मारायचे, नव्या रचनेत बाहेरची हवा ओढून ते काम होतं. अहवालात कोणती पद्धत धरलीय ते शोधा. २०१६ ला लातूरसाठी मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. अशा मुलखात फवारे मला मान्य नाहीत.

त्याहून मोठी काळजी जमिनीखालची. आपल्याकडे काळा पाषाण. पाणी मुरमातून आणि खडकाच्या भेगांतून चालतं, त्यामुळे इंधनाची टाकी पाझरली तर शेजारची विहीर चांगली राहते आणि लांबच्या ओढ्याकाठचं बोअर नासतं, असंही होऊ शकतं. दोन-चार नमुन्यांवर भागवलेला अहवाल इथं चालणार नाही. आग विझवण्याच्या फोमचंही विचारा. त्यातल्या पीएफएएस या फ्लोरिनयुक्त रसायनांनी परदेशांत कित्येक हवाई तळांखालचं भूजल खराब केलंय, आणि ती निसर्गात जवळजवळ विघटित होत नाहीत. फ्लोरिन नसलेला फोम वापरू, असं लेखी घ्या.

आवाजाचा आकडा सरासरीत दडतो. निवासी भागात दिवसाची मर्यादा ५५ डेसिबल, रात्रीची ४५. पण ती सरासरीवर मोजतात. सकाळी ६ ते रात्री १० या वेळात फक्त १० मिनिटं ७५ डेसिबल आवाज झाला आणि बाकी वेळ शांतता असली, तर सरासरी ५५ च्या आसपासच येते. कागदावर सगळं ठीक, पण गोठ्यातली जनावरं बिथरतात ती त्या १० मिनिटांत. म्हणून कमाल पातळी, चाचणीच्या वेळा आणि आफ्टरबर्नर (जास्त जोर मिळवायला झोतात पुन्हा इंधन जाळणारा भाग) किती वेळ चालणार, हे तिन्ही मागा. हिवाळ्यात रात्री जमिनीलगत थंड हवा साचते, तेव्हा आवाज लांबवर जातो. रात्रीच्या चाचण्या नकोतच.

केंद्र सरकारनं प्रकल्प राष्ट्रीय संरक्षणाचा ठरवला, तर २००६ च्या पर्यावरण परिणाम मूल्यांकनाच्या अधिसूचनेप्रमाणे जनसुनावणी लागत नाही. त्यामुळे सुनावणीची वाट बघू नका, ग्रामसभेचा ठराव करून जिल्हाधिकारी आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाला द्या. आणि येत्या मे महिन्यात सगळ्या विहिरी-बोअरची पातळी वहीत लिहा, पाणी तपासून घ्या, पावसाळा सरल्यावर पुन्हा. खोदकाम सुरू झाल्यावर घेतलेले आकडे ‘आधीचे’ म्हणून कुणी धरणार नाही.