कुरडया करायला पैठणी कोण नेसतं?

प्रश्न : ताई, मी अशोकस्तंभाजवळ राहते. गेल्या चैत्रात सासूबाई गच्चीवर कुरडया घालत होत्या, तेव्हा सहज मोबाइलवर व्हिडिओ काढला आणि टाकला. बघता बघता चाळीस हजार लोकांनी पाहिला. आता भाचा म्हणतो, 'मामी, भारतीय संस्कृती नावाचं चॅनल काढ. हिंदीत बोल, मागे बासरी लाव, आजीला पैठणी नेसव.' सासूबाई म्हणाल्या, 'कुरडया करायला पैठणी कोण नेसतं?' त्यात तांब्याच्या बाटल्या विकणाऱ्या एकानं दोन बाटल्या फुकट पाठवल्यात. यातल्या पाण्यानं रक्तातली साखर उतरते, असं सासूबाईंच्या तोंडून वदवून घ्या म्हणतो. घरात दोन तट पडलेत. काय करू?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : अगं, सासूबाईंनी उत्तर देऊन टाकलंय. मी आपली लांबण लावते.

येवल्याचा विणकर एका पैठणीसाठी कितीतरी दिवस मागावर बसतो. ती नेसून गव्हाचा उकळता चीक हाटायचा? भाच्याला एकदा त्या पातेल्यासमोर उभं कर, हातावर दोन थेंब उडाले की पैठणीचं नाव काढणार नाही.

लोकांनी तुझ्या गच्चीवर काय पाहिलं असेल, याचा मी अंदाज करते. तीन दिवस भिजलेले गहू, रोज बदललेलं पाणी, तिसऱ्या दिवशी घरभर सुटणारा तो आंबूस वास. वाटून, पिळून काढलेला चीक रात्रभर बसायला हवा. सकाळी वरचं पाणी अलगद ओतून टाकायचं. मग आधणात हिंग-मीठ. एकीनं चीक ओतायचा, दुसरीनं हाटायचा, आणि दोघींपैकी एकीचंही लक्ष उडालं की गाठी. ऊन चढायच्या आत सोऱ्या चालू व्हायला हवा. पोरं वाट्या घेऊन गरम चिकासाठी उभी, आणि राहिलेल्या चोथ्याच्या भुसवड्या. माझी आई चिकात जिरं घालायची, समोरच्या काकूंना ते पाप वाटायचं. यातून 'भारतीय संस्कृती' वेगळी काढून दाखव म्हणालीस, तर मला नाही जमणार. तुझ्या सासूबाईंच्या कुरडया मात्र दाखवता येतात.

आपल्या रहाडीचंच बघ. रंगपंचमीला जुन्या नाशकात पेशवेकाळापासूनच्या रहाडी, म्हणजे जमिनीतले रंगाचे हौद, उघडतात, प्रत्येकीचा रंग ठरलेला. बाहेरचा कॅमेरावाला येतो आणि 'होली' म्हणून मोकळा होतो. रहाड नाही, तिच्यात उडी मारून घेतलेला धप्पा नाही. उरतात नुसते ओले लोक.

म्हणून हिंदीत बोलायचं तर खुशाल बोल, इंदूर-सुरतेचेही बघतील. पण चिकाला चीकच म्हण आणि सोऱ्याला सोऱ्या. बासरी नको. शिजताना चीक फदफदतो, तो आवाज ऐकू दे.

भाचा म्हणेल, तीस सेकंदांत लोक पळून जातात. त्याला दादासाहेब फाळक्यांची गोष्ट सांग. जन्म त्र्यंबकेश्वरचा, १९१३ साली आपली चित्रपट कंपनी घेऊन नाशिकला आलेला माणूस. त्याआधी पहिला चित्रपट काढायला भांडवल मिळावं म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा लावला आणि दिवसामागून दिवस थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर रोप भराभर वाढताना दिसलं, आणि पैसेवाला तयार झाला. तुझ्या मोबाइलमध्ये ही सोय आता आयती आहे. चीक बसायला ठेवाल त्या रात्री काचेच्या बरणीत थोडा काढ, दिवा चालू ठेव आणि मोबाइल लावून झोप. पांढरं खाली, पाणी वर. तीस सेकंदांत काय ते दिसेल.

बाटल्यांचं मात्र हसण्यावारी नेऊ नको. फुकट मिळालेल्या वस्तूबद्दल बोलणं हीसुद्धा जाहिरातच, आणि ती जाहिरात आहे हे व्हिडिओत स्पष्ट सांगायला हवं, असं केंद्र सरकारनं जानेवारी २०२३ मध्ये सांगून ठेवलंय. साखर उतरते हा तर सरळ दिशाभूल करणारा दावा. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे असा दावा करणाऱ्यालाही दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. दंड राहू दे बाजूला. सासूबाईंचा चेहरा बघून कुणा आजोबांनी गोळी बंद केली तर? तांब्या-पितळेची भांडी घ्यायला नाशकात लोक वर्षानुवर्षं येतात. जाडी बघतात, ठोकून आवाज ऐकतात, कल्हईचं विचारतात. साखरेचं विचारताना मी कुणाला पाहिलं नाही. बाटल्या परत पाठव.

आता माझा तुला प्रश्न. पहिला व्हिडिओ टाकताना सासूबाईंना विचारलं होतंस का? पत्रात 'सहज काढला आणि टाकला' एवढंच आहे. पुढचा काढण्याआधी विचार. चेहरा नको म्हणाल्या तर हात आणि सोऱ्या पुरे. पैसे यायला लागले तर त्यांचा वाटा त्यांच्या हातात दे, घरखर्चात मिसळू नको. आणि चाळीस हजारांचा आकडा ऐकून त्या काय म्हणाल्या, ते मला नक्की कळव.