आधी सगळं बघ

अगं पोरी,

लासलगावच्या कांदा लिलावाचं ४० तासांचं फुटेज घेऊन आलीस आणि पहिला प्रश्न काय, तर एडिटिंगच्या कामासाठी मुंबईला जाऊ की नाशकातच राहू? दुसरा, सॉफ्टवेअर कोणतं? फुटेज पूर्ण बघितलंस का ते सांग. नाही ना? मग टाइमलाइन बंद कर.

४० तासांचं फुटेज ४० तासांत बघून होत नाही. थांबवत, टाइमकोड (फुटेजमधली नेमकी वेळ) टाकून टिपत गेलीस तर ८० लागतील. रोजचे आठ धरले तर दहा दिवस. दिग्दर्शकाला हे पहिल्याच दिवशी सांग. माणूस काय बोलला ते लिहिशीलच, कुठे अडला तेही लिही. तो निफाडचा शेतकरी "यंदा भाव..." म्हणतो आणि चार सेकंद गप्प बसतो, हातातल्या कांद्याची साल सोलत. तू ते चार सेकंद उडवून वर ड्रोनचा शॉट चिकटवलास! सगळं बघितलं असतंस तर दिसलं असतं, लिलावानंतर ट्रॅक्टरजवळही तो तसाच गप्प उभा आहे. हे दोन शॉट शेजारी ठेव, निवेदनाची गरजच पडणार नाही.

कॅमेऱ्याचं कार्ड पुसण्याआधी तीन प्रती हव्यात, एक दुसऱ्याच घरात. नुसतं कॉपी-पेस्ट नको, चेकसम जुळव, म्हणजे फाइलवरून निघणारा तो आकडा मूळ फाइलचा आणि प्रतीचा एकच येतो का ते बघ. मोबाइलचे शॉट आधी सेकंदाला स्थिर २५ फ्रेममध्ये बदलून घे. मोबाइलचा व्हेरिएबल, म्हणजे कमी-जास्त होणारा फ्रेमरेट तसाच ठेवलास तर लांब मुलाखतीत ओठ पुढे, आवाज मागे. बाजार समितीतली ट्यूब लुकलुकतेय, कारण आपली वीज ५० हर्ट्झची आणि शटर ठेवलंय सेकंदाच्या १/६० वर. एडिटमध्ये ते धड सुटत नाही. कॅमेरामनला पुढच्या वेळी १/५० सांग. प्रत्येक जागेचा अर्धा मिनिट रूम टोनही, म्हणजे कोणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, मागून घे. तो नसेल तर प्रश्न आणि उत्तर यांच्या मधल्या शांततेतूनच जमवावा लागतो, आणि ती कुठे आहे हे बघितल्याशिवाय कळणार कसं?

दहा दिवस नुसतं बघण्यात घालवते म्हणून माझे पैसे कापणारे निर्माते आहेत. कापोत. असिस्टंटच्या लॉगवर, म्हणजे त्याने फुटेज बघून केलेल्या नोंदींवर विसंबून मी कट लावत नाही, लावणार नाही.

मुंबईला खुशाल जा. तिथेही सुरुवातीला सिंक (चित्राशी आवाज जुळवणं) आणि लॉगिंगच देतील, म्हणजे बघायलाच बसवतील. वहीची वीस पानं भरली की माझ्याकडे ये. लॅपटॉप घरी ठेव.