यान थरथरतं, त्यामागचं गणित शिक

प्रिय मित्रा,

अंतराळाच्या गेममध्ये फार दूर गेलं की यान थरथरायला लागतं, असं तू लिहिलंस. कोणत्या अंतरापासून थरथर सुरू होते, याच्या नोंदीही ठेवल्यास. ‘हद्दच नसलेला गेम बनवायचाय, गेम डिझाइनचा कोर्स करू का?’ हा तुझा प्रश्न.

नको करूस. तुझ्या नोंदी पाहता तुझा ओढा डिझाइनपेक्षा गणिताकडे आहे.

बहुतेक गेम इंजिनं, म्हणजे गेम चालवणारी मूळ सॉफ्टवेअर, वस्तूची जागा ३२ बिटांच्या फ्लोटिंग पॉइंट, म्हणजे दशांशचिन्ह सरकत्या, संख्येत ठेवतात. त्यात साधारण सातच अंक भरवशाचे, म्हणून संख्या जितकी मोठी तितकी ती ढोबळ. पृथ्वी केंद्रस्थानी धरून मीटरमध्ये मोजलं, तर चंद्राजवळ, म्हणजे सुमारे ३,८४,००० किलोमीटरवर, लगतच्या दोन जागांमध्ये ३२ मीटरची फट पडते. यानाचा एखादा भाग त्या फटीत यायला हवा असेल, तर तिथे जागाच नसते; तो अलीकडे नाहीतर पलीकडे उडी मारतो. ६४ बिट वापरले, तर प्लूटोपाशीही फट जेमतेम एक मिलिमीटरची. पण गेमसाठीच्या ग्राफिक्स कार्डांवर ६४ बिटांचा हिशेब फार मंद चालतो. म्हणून ‘कर्बल स्पेस प्रोग्रॅम’ या गेममध्ये यान केंद्राजवळच ठेवून भोवतालचं जग सरकवलं जातं. मला ही युक्ती फार आवडते.

संगणकाच्या स्मृतीची मर्यादाही अशीच. १९८४ मध्ये ब्रेबन आणि बेल यांनी ३२ किलोबाइट स्मृतीच्या संगणकावर ‘एलिट’ या त्यांच्या अंतराळ गेममधल्या ८ दीर्घिका बसवल्या, प्रत्येकीत २५६ तारे. ते साठवलेले नव्हते, दर वेळी सूत्रातून काढले जात.

तेव्हा संगणकशास्त्राची पदवी घे, सोबत गणित ठेव. रेषीय बीजगणित आणि न्यूमरिकल अ‍ॅनालिसिस (संगणकाच्या अंदाजे हिशेबातल्या चुकांचा अभ्यास) टाळू नकोस, सी प्लस प्लस ही प्रोग्रॅमिंगची भाषा पक्की कर. गेम कंपन्यांत नोकरकपात होत असते, हे घरच्यांनाही सांग. मात्र हेच कौशल्य वैमानिकांच्या सिम्युलेटरला आणि उपग्रहांच्या कक्षा मोजणाऱ्या सॉफ्टवेअरलाही लागतं.

प्रवेशाची वाट न पाहता एक काम कर. रिकाम्या दृश्यात एक ठोकळा आणि त्याच्यामागे कॅमेरा ठेव. दोघांनाही दर वेळी दसपट दूर ने, तिथे ठोकळा हळूहळू फिरव आणि तो कुठे थरथरतो ते लिही. मग केंद्र सरकवणारा कोड स्वतः लिही. हा कोड नोंदींसकट जपून ठेव; मुलाखतीत प्रमाणपत्रापेक्षा त्यावरच जास्त बोलणं होईल. कुठे अडलास तर तो कोड जोडून पुन्हा पत्र पाठव.