भिंतीला नोटीस चिकटलीय, आता काय करू?

प्रश्न : ताई, 2016 ला चाळ सोडून आम्ही चार मजली बिल्डिंगमध्ये वन रूम किचन घेतलं. रजिस्ट्रेशन केलं, घरपट्टी भरतो, लाईट बिल माझ्या नावावर आहे. मागच्या आठवड्यात बिल्डिंग अनधिकृत आहे म्हणून महापालिकेची नोटीस भिंतीला चिकटली. शेजारी म्हणतात सुप्रीम कोर्टाचा बुलडोझरवाला निकाल आलाय, आता कोणी हात लावू शकत नाही, फक्त वर्गणी काढून स्टे आणायचा. हे खरं आहे का? - एक वाचक, ठाणे जिल्हा

उत्तर : दादा, अर्धंच खरं आहे, आणि त्या अर्ध्यावर विसंबून किती घरं रस्त्यावर आलीत ते बघून जीव तुटतो म्हणून आधी तेच सांगते. 13 नोव्हेंबर 2024 चा तो निकाल, न्यायमूर्ती गवई आणि विश्वनाथन यांचा. त्यात घर कायदेशीर ठरवलेलं नाही, पाडायची पद्धत घालून दिलीय. 15 दिवसांची किंवा स्थानिक कायद्यातली, जी नंतर संपेल ती मुदत, रजिस्टर पोस्टाने नोटीस आणि बिल्डिंगवरही चिकटवायची, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसकट लेखी आदेश आणि आदेशानंतर परत 15 दिवस. नोटीस बजावली की कलेक्टर ऑफिसला ईमेल करायचा हेही त्यात आहे, म्हणजे मागची तारीख टाकून नोटीस दाखवता येऊ नये. पण रस्ता, फुटपाथ, रेल्वेलाईन, नदी-तलावाला लागून असलेलं बांधकाम किंवा जिथे कोर्टानेच पाडायला सांगितलंय तिथे हे संरक्षण नाही, हे शेजाऱ्यांना नक्की सांगा.

नालासोपाऱ्यात हेच झालं ना. 41 बिल्डिंगी, जागा डम्पिंग ग्राउंड आणि सांडपाणी प्रकल्पासाठी राखीव, पाडायचा आदेश हायकोर्टाचाच, लोक सुप्रीम कोर्टात गेले तरी हाती काही लागलं नाही.

आता तुमचं. रजिस्ट्रेशन म्हणजे फक्त व्यवहाराची नोंद आणि स्टॅम्प ड्युटी भरल्याचा पुरावा, बांधकामाची परवानगी नव्हे. घरपट्टीचंही तसंच, शास्तीसकट भरली तरी बांधकाम अधिकृत होत नाही. मग ही कागदपत्रं कशाला? तर तुम्ही इथे राहता, पैसे मोजून राहता हे दाखवायला, आणि ते सुनावणीत आणि बिल्डरविरुद्ध दोन्हीकडे लागतं.

पहिलं काम, नोटिशीला लेखी उत्तर द्या, मुदतीच्या आत, आणि पोचशिक्का घ्या. एमआरटीपी म्हणजे महाराष्ट्राच्या नगररचना कायद्याच्या कलम 53 ची नोटीस असेल तर कलम 44 खाली बांधकाम कायम ठेवायचा अर्ज करता येतो, पण त्यासाठी आर्किटेक्टकडून आधी बघून घ्या की प्लॉट आरक्षणात किंवा ग्रीन झोनमध्ये तर नाही, असेल तर नियमित होण्याची आशा धरू नका. सुनावणी न देता आदेश काढला तर हायकोर्टात रिट करा. दिवाणी कोर्टात जायला त्याच कायद्याचं कलम 149 आडवं येतं. स्टे मिळाला तरी तो वेळ असतो, घर नाही, म्हणून सगळी वर्गणी त्यातच घालू नका असं मला मनापासून वाटतं.

आणि बिल्डर! त्याच्याबद्दल तुम्ही पत्रात एक शब्द लिहिला नाहीत. डोंबिवलीच्या 65 बिल्डिंगींमध्ये तर खोट्या परवानग्या दाखवून रेरा नंबर, म्हणजे प्रकल्पाची सरकारी नोंदणी, घेतल्याचं उघड झालं. तुम्ही सीसी-ओसीची, म्हणजे बांधकाम सुरू करायच्या परवानगीची आणि राहायला जायच्या दाखल्याची, कॉपी माहिती अधिकारात मागवा, ती खोटी निघाली तर फसवणुकीचा एफआयआर करा, आणि महारेराकडे, म्हणजे बिल्डरांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाकडे, व्याजासकट पैसे परत मागा. बँकेचं लोन असेल तर बँकेलाही पत्र द्या, परवानगी न बघता लोन कसं दिलंत विचारा, पण हप्ता थांबवू नका, नाहीतर सिबिलही जाईल.

पुढच्या पत्रात नोटिशीची तारीख, तिच्यावरचं कलम आणि सर्व्हे नंबर लिहा. त्याशिवाय मला यापुढचं सांगता येणार नाही.