उरलेली टर्की तापवू नका, कालवा

प्रश्न : ताई, नमस्कार. आम्ही न्यू जर्सीत एडिसनला राहतो. यंदा थँक्सगिव्हिंगला, म्हणजे नोव्हेंबरातल्या गुरुवारी येणाऱ्या इथल्या सणाला, पहिल्यांदाच घरी टर्की (कोंबडीसारखाच पण मोठा पक्षी) भाजणार आहोत, मुलांचा हट्ट आहे. १४ पौंडांची सांगून ठेवलीय आणि खाणारी माणसं सहा, त्यात सासूबाई नॉनव्हेज खात नाहीत, म्हणजे भरपूर उरणार हे नक्की. गेल्या वर्षी मैत्रिणीने तिच्याकडची उरलेली डबाभर दिली होती, ती मायक्रोवेव्हमध्ये गरम केली तर असा शिळकट वास आला की कुणी तोंडाला लावली नाही, आणि चिवट तर इतकी की विचारू नका. यंदा सॅलड करावं म्हणते पण ते दुकानात मिळतं तसं मेयोनीजचा लगदा नकोय. काहीतरी ताजं, आपल्या जिभेला आवडेल असं सांगाल का?
– एक वाचक, एडिसन

उत्तर : आधी एक सांगते, गेल्या वर्षी तुमचं काहीही चुकलेलं नव्हतं. शिजवून फ्रिजमध्ये ठेवलेल्या मांसातल्या चरबीचा हवेशी संबंध आला की तिला खवट वास धरायला लागतो, मांसातलं लोह त्याला आणखी हातभार लावतं, आणि टर्कीची चरबी अशी आहे की तिला हे मटणापेक्षा लवकर होतं. परत तापवलं की तो वास भसकन वर येतो. गार ठेवून लिंबू, दही, मोहरी असं काहीतरी आंबट तिखट लावलं तर मात्र तो जाणवतही नाही. म्हणून माझं मत अगदी ठाम आहे, उरलेली टर्की तापवायचीच नाही, कोशिंबिरीसारखी कालवायची.

मी स्वतः मुलीकडे शिकागोजवळ होते तेव्हा लागोपाठ दोन वर्षं हे केलंय त्यामुळे हातचं सांगते. सॅलडची तयारी शुक्रवारी नाही, गुरुवारी रात्रीच सुरू होते. जेवणं झाली, मंडळी गप्पांना बसली की पक्षी तसाच टेबलावर राहतो, तसं करू नका. ओव्हनमधून काढल्यापासून दोन तासांच्या आत मांस फ्रिजमध्ये गेलं पाहिजे, आणि अख्खा पक्षी आत ढकलायचा नाही कारण तो मधोमध गार व्हायला फार वेळ घेतो. पोटात सारण भरलं असेल तर ते आधी काढून वेगळ्या डब्यात. मग छातीचे दोन्ही भाग हाडापासून अखंड सोडवून घ्यायचे, मांड्या सुट्या करायच्या, आणि पक्षी उलटा करून पाठीकडे बोटाने चाचपायचं, तिथे कण्याच्या दोन्ही बाजूंना खोलगट जागेत रुपयाएवढा मऊ तुकडा असतो, सगळ्या पक्ष्यातलं सगळ्यात रसाळ मांस ते, आणि बहुतेक घरी ते हाडांबरोबर कचऱ्यात जातं. भांड्याच्या तळाशी जो रस उरलाय तो वाटीभर तरी बाजूला ठेवा, सकाळी फ्रिजमध्ये त्याची जेली झालेली असेल, वरची चरबी काढून टाका आणि जेली जपून ठेवा, लागणार आहे. मांस पसरट उथळ डब्यात, फ्रिज ४० फॅरनहाइट किंवा त्याच्या खाली, आणि तीन ते चार दिवसांत संपवायचं म्हणजे गुरुवार रात्रीचं फार तर सोमवार. बाकीचं पहिल्याच रात्री पिशव्या भरून फ्रीझरला टाका, दोन ते सहा महिने चव चांगली राहते. पण फ्रीझ करायचं ते कोरडं मांस, कालवलेलं सॅलड नाही, मेयोनीज फुटतं आणि काकडीचं पाणी होतं.

आता कालवण्याकडे येऊ. छातीचं पांढरं मांस आणि मांडीचं गडद मांस यांना एकच वागणूक देऊ नका. पांढऱ्याचे धागे लांब असतात, ते धाग्याला आडवं कापायचं, बोटाच्या पेराएवढे तुकडे, म्हणजे चावताना चिवट लागत नाही. मांडीचं हाताने सोडवायचं, सुरी नको. दोन्ही मिळून चार कप झालं की त्यावर एका लिंबाचा रस आणि ती जेली दोन मोठे चमचे, थोडी कोमट करून पातळ केलेली. हलक्या हाताने चोळायचं आणि पंधरा मिनिटं झाकून फ्रिजमध्ये ठेवायचं. ही पायरी कृपा करून गाळू नका, कोरडं मांस आधी रस पिऊन घेतं आणि मगच त्याला दही मेयोनीज लागतं, नाहीतर तेच सगळं शोषून घेतं आणि मग आपण आणखी मेयोनीज ओतत बसतो, लगदा होतो तो असाच. मीठ मात्र चाखल्याशिवाय घालायचं नाही कारण तिकडच्या बऱ्याच टर्कींमध्ये मिठाचं पाणी आधीच टोचलेलं असतं.

तोपर्यंत काकडी चोचवून मीठ लावून दहा मिनिटं ठेवा आणि घट्ट पिळून घ्या, खमंग काकडीला करतो तशीच. सेलरीचे दोन दांडे बारीक, एक कडक आंबटसर सफरचंद सालासकट, अर्धा लाल कांदा बारीक चिरून थंड पाण्यात बुडवून निथळलेला. सफरचंद आणि सेलरी ही जोडी मी काढलेली नाही, १८९० च्या दशकात न्यूयॉर्कच्या वॉल्डॉर्फ हॉटेलात निघालेलं सॅलड म्हणजे मुळात सफरचंद, सेलरी आणि मेयोनीज एवढंच होतं, अक्रोड त्यात नंतर आले. टर्कीला ती जोडी इतकी शोभते की मी कधी बदलली नाही.

कालवायला पाऊण कप चक्का घ्या, घरी टांगलेला नसेल तर ग्रीक योगर्ट चालतं, त्यात मेयोनीज फक्त दोन चमचे, मस्टर्ड सॉस एक छोटा चमचा, भाजलेल्या जिऱ्याची पूड, मूठभर कोथिंबीर. नुसत्या दह्याचं करून पाहिलंय, ते पातळ होतं आणि मांसाला धरत नाही, म्हणून तेवढे दोन चमचे. आणि वरून फोडणी, चमचाभर तेल, मोहरी, हिंग, कढीपत्ता, दोन हिरव्या मिरच्या. फोडणी पूर्ण गार करून घाला. मुलीच्या शेजारणीला फोडणी म्हणजे काय हे सांगता सांगता पुरेवाट झाली पण तिने डबा रिकामा करून परत आणून दिला आणि कढीपत्ता कुठे मिळतो ते विचारलं. गार मांसाला मसाला चालेल का अशी शंका येत असेल तर १९५३ साली एलिझाबेथ राणीच्या राज्याभिषेकाच्या मेजवानीला लंडनच्या बायकांनी जी कोंबडी केली ती गारच होती आणि तिच्या मेयोनीजमध्ये करी पावडर होती, इंग्लंडमध्ये आजही सँडविचमध्ये भरून खातात.

शेवटी कुरकुरीत वस्तू, त्या अगदी पानात वाढताना. भाजलेल्या दाण्यांचं जाडसर कूट किंवा अक्रोड, आणि सुक्या क्रॅनबेरी किंवा डाळिंबाचे दाणे. मुलांना पोळीच्या गुंडाळीत द्या. सासूबाईंसाठी मांस घालायच्या आधीच भाज्या, दही, फोडणी असं वेगळ्या वाडग्यात काढून ठेवा, त्यांची कोशिंबीर आपोआप झाली.

प्रश्न : आमच्याकडे दरवर्षी पार्टी उशिरापर्यंत चालते. गेल्या खेपेला टर्की आणि ग्रेव्ही रात्रभर ओट्यावरच राहिली, सकाळी वास घेतला तर अजिबात खराब नव्हती. चांगली उकळून घेतली तर सॅलडमध्ये वापरता आली असती का? सगळं फेकताना जीव तुटला.
– एक वाचक, डॅलस

उत्तर : नाही, आणि फेकलंत ते फार बरं केलंत. आपल्याकडे रात्री आमटी उकळून ठेवायची सवय असते त्यामुळे उकळलं की सगळं शुद्ध असं मनात बसलेलं असतं. पण क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजेन्स नावाचा जो जंतू आहे त्याची बीजं भाजण्याच्या उष्णतेतही टिकतात आणि मांसाचा मोठा गोळा किंवा पातेलंभर ग्रेव्ही सावकाश गार होत असते तेव्हा ती भराभर वाढतात. वास बदलत नाही, चव बदलत नाही, पोट मात्र बिघडतं. अमेरिकेत या जंतूचा त्रास नोव्हेंबर डिसेंबरमध्येच जास्त दिसतो आणि त्यात टर्कीचं नाव वारंवार येतं. दुसऱ्या काही जंतूंचं विष तर उकळूनही जात नाही. तुमच्याकडे माणसं उशिरापर्यंत बसतात ना, मग वाढून झाल्या झाल्या एकाला मांस सोडवायच्या कामाला लावा आणि फोनवर दोन तासांचा गजर लावून ठेवा. लहान मुलं आणि आजी आजोबा घरात असतील तर यात सूट घेऊच नका.

प्रश्न : पुण्यात टर्की कुठे शोधत बसू? ख्रिसमसला आम्ही दोन रोस्ट चिकन आणतो, एक उरतंच. हेच सॅलड होईल का? आणि हाडांचं काय करायचं?
– एक वाचक, पुणे

उत्तर : होईल, उलट सोपं होईल, कोंबडीचं मांस मऊ असतं. बाहेरून आणलेलं असेल तर घरी पोचायचा वेळही दोन तासांत धरा. चव मसालेदार असेल तर मस्टर्ड आणि मिरची दोन्ही कमी करा, तंदुरी असेल तर जिरेपूड नको, नुसतं लिंबू आणि कोथिंबीर पुरे. सेलरी नाही मिळाली तर कोवळा मुळा बारीक चिरून घ्या, त्याचा तिखटपणा सफरचंदाशी जमतो. कोंबडीची साल काढून तव्यावर मंद आचेवर कोरडं कुरकुरीत करा आणि वरून चुरा. हाडं कुकरमध्ये, बुडेल इतकं पाणी, आलं, चार मिरे, तमालपत्र, चाळीस मिनिटं. गाळून गार केलं की जेलीसारखं थिजतं, तेच दोन चमचे तुमच्या सॅलडच्या मांसाला चोळा आणि बाकीच्याचं दुसऱ्या दिवशी सूप.